तीन मिनिटांचे रान

पैनगंगेच्या काठी वसलेले मेहकर हे बुलढाणा जिल्ह्यातले जुने गाव. 1888 साली इथल्या जमिनीतून काळ्या पाषाणाची शार्ङ्गधर बालाजीची भव्य मूर्ती निघाली आणि गावाचे नाव दूरवर गेले. गावात एक पडकी वास्तूही आहे, कंचनीचा महाल. त्याच्या माथ्यावरून लोणारच्या कमळजादेवीचा दिवा दिसावा अशी त्या कंचनीची इच्छा होती, अशी दंतकथा लोक सांगतात. रेल्वे मात्र मेहकरला आली नाही. जिल्ह्यात ती खामगावला पोचली 1870 साली, आणि तीही कापसाच्या गाठी न्यायला. मेहकरहून कुठे जायचे म्हटले की घाटरस्त्याने, बैलगाडीने किंवा पुढे मोटारीने जायचे. अशा आडबाजूच्या गावात आयुष्यभर वकिली केलेल्या एका माणसाच्या कवितेपासून मराठी भावगीताच्या ध्वनिमुद्रिकांचा इतिहास सुरू होतो, ही गोष्ट बुलढाणा जिल्ह्याबाहेर फारशी कोणाला ठाऊक नसते. जिल्ह्यातही ती पुरेशी ठाऊक आहे असे मला वाटत नाही.

तो माणूस म्हणजे नागोराव घनश्याम देशपांडे, मराठी कवितेतले ना. घ. देशपांडे. जन्म 21 ऑगस्ट 1909, बुलढाणा जिल्ह्यातल्या सेंदुरजन या गावी. त्यांची ‘शीळ’ ही कविता तरुण वयातली. पुण्यात 1923 साली स्थापन झालेल्या रविकिरण मंडळाने तोवर कविता लोकांसमोर गाऊन सादर करण्याची आवड लावून दिली होती. माधव जूलियन, यशवंत, गिरीश यांच्या कविता लोक चालीवर म्हणत असत. पण त्या चाली बहुतेक वृत्ताच्याच चाली होत्या. कवी आपल्या गळ्याने जे म्हणेल तेच संगीत. त्यात शब्दांची गोडी होती, स्वरांचा स्वतंत्र विचार कमी होता.

‘शीळ’ ही कविता या सगळ्याहून वेगळ्या मातीची. बोलणारी खेड्यातली स्त्री आहे आणि ती आपल्या मैत्रिणीशी बोलावे तशी बोलते. तिच्या तोंडी पुस्तकी मराठी नाही, ‘वेळ’ला ती ‘येळ’ म्हणते. रानातून कोणाची तरी शीळ येते, ती कोणाची हे तिला नेमके माहीत असते. त्याला वेळकाळाचे भान नाही म्हणून ती तक्रार करते, आणि त्याच तक्रारीतून त्याचे कौतुक पाझरत राहते. रानावनात भटकणाऱ्या त्या वेड्यात तिला कृष्ण दिसू लागतो. रागावणे आणि भुलणे ही दोन्ही एकाच श्वासात चालू आहेत. मराठी कवितेत तोवर प्रेम पुष्कळ होते. पण ते बरेचसे दिवाणखान्यातले, नाहीतर कॉलेजच्या आवारातले. हे प्रेम वऱ्हाडाच्या रानातले होते आणि त्याला संकोच नव्हता.

रचनेकडे थोडे जवळून पाहिले तर आणखी एक गोष्ट कळते. प्रत्येक कडव्याचा शेवट ध्रुवपदाच्या यमकाला येऊन मिळतो. म्हणजे कवीने कडवे लिहितानाच परतीची वाट आखून ठेवली आहे. गाणाऱ्याने अंतऱ्यात कुठेही फिरून यावे, शेवटच्या शब्दाला ओढ लागते ती मुखड्याचीच. ओळी आखूड आहेत. त्यांत जोडाक्षरांचा अडथळा कमी आणि दीर्घ स्वर मोक्याच्या जागी आहेत. ‘शीळ’ या शब्दातला ईकार तर स्वर लांबवायलाच बसवल्यासारखा आहे. चांगल्या गीताची अर्धी चाल शब्दांतच दडलेली असते असे संगीतकार म्हणतात. इथे ती अर्ध्याहून जास्तच होती.

ती उरलेली चाल लावली जी. एन. जोशी यांनी. तेही 1909 सालचेच, विदर्भातलेच, आणि शिक्षणाने वकीलच. नागपूर ही त्या वेळच्या मध्यप्रांत-वऱ्हाडची राजधानी. वऱ्हाडातली मुले कॉलेजसाठी, वकिलीसाठी तिथेच जात. या दोन समवयस्क तरुणांची कविता आणि चाल एकत्र आली आणि 1930च्या दशकाच्या आरंभी हिज मास्टर्स व्हॉइस कंपनीने ‘शीळ’ची ध्वनिमुद्रिका काढली. आवाज जोशींचा, चालही जोशींची. मराठी भावगीताच्या इतिहासात या ध्वनिमुद्रिकेला पहिलेपणाचा मान दिला जातो. जे. एल. रानडे यांच्यासारखे गायकही याच काळात कविता गात होते, त्यांचे काम मोठे आहे. तरीही लोकांच्या ओठांवर जे पहिले भावगीत बसले ते हेच.

इथे त्या तबकडीबद्दल सांगायला हवे, कारण या सगळ्या प्रकरणात तिचा वाटा माणसांइतकाच आहे. दहा इंच व्यासाची, लाखेपासून केलेली, हातातून पडली तर फुटणारी. मिनिटाला 78 फेरे. एका बाजूला साधारण तीन-सव्वातीन मिनिटे वाजणार. ग्रामोफोनला किल्ली द्यायची, पोलादी सुई बसवायची, आणि ती सुई एकदोनदा वाजवून बदलायची, नाहीतर तबकडीवरच्या रेघा खरवडल्या जायच्या. बड्या गवयांना ही तीन मिनिटे जाचत. तासभर मांडायचा राग त्यांना चिमटीत धरावा लागे. नाट्यपदाची रंगभूमीवरची गोडी ‘वन्स मोअर’मध्ये होती, दर वेळी नवी तान, नवी जागा. तबकडीला हे परवडणारे नव्हते.

भावगीताला मात्र हीच मर्यादा मानवली. मुखडा, दोन-तीन अंतरे, मधले छोटेसे वाद्यसंगीत, आणि परत मुखडा, एवढ्यात एक मनःस्थिती पुरी होते. ताना घ्यायला वेळ नसल्यामुळे शब्द पुढे आले. शब्द पुढे आल्यामुळे ते नीट ऐकू येतील असा उच्चार आला. गाण्याचा आवाज मैफलीतून घरात आला, बोलण्याच्या जवळ आला. विजेच्या मायक्रोफोनने ध्वनिमुद्रण होऊ लागले होते, त्यामुळे कर्ण्यात तोंड घालून ओरडण्याची गरजही उरली नव्हती. हळू आवाजातली कुजबुजही तबकडीवर उमटू शकत होती. प्रेमाचे बोलणे हळूच बोलायचे असते. यंत्राने ती सोय नेमक्या वेळी करून दिली.

विदर्भात त्या वेळी रेडिओ केंद्र नव्हते. आकाशवाणीचे नागपूर केंद्र सुरू झाले जुलै 1948मध्ये. त्यामुळे गाणे गावोगाव न्यायचे ते तबकडीनेच. ‘शीळ’ हा नाघंचा पहिला कवितासंग्रह प्रसिद्ध झाला 1954 साली. म्हणजे पुस्तक यायच्या वीसेक वर्षे आधी त्यातली शीर्षककविता महाराष्ट्रभर लोक गात होते. कवीचा पहिला खरा प्रकाशक ग्रामोफोन कंपनी ठरली. याची किंमतही कवीने मोजली, असे मला वाटते. कविता इतकी गाण्याची झाली की ती कोणी लिहिली हे विचारायची कोणाला गरज वाटेना. नाघंनी पुढे ‘अभिसार’ आणि ‘खूणगाठी’ हे संग्रह दिले, मेहकरच्या त्या पडक्या महालावर ‘कंचनीचा महाल’ ही कविता लिहिली, आणि ‘खूणगाठी’ला 1986 साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. तरी सर्वसामान्य श्रोत्याला विचारले तर गाणे आठवते, कवीचे नाव आठवत नाही. 10 मे 2000 रोजी ते गेले. विसावे शतक जवळजवळ पुरे जगलेला हा कवी शेवटपर्यंत मेहकरचाच राहिला. पुण्या-मुंबईच्या साहित्यवर्तुळात वावरला असता तर त्याचे नाव अधिक झाले असते, हे उघड आहे. पण मग ‘शीळ’मधले रान इतके खरे राहिले असते का, हाही प्रश्न आहे.

जोशींचे आयुष्य अगदी उलट दिशेने गेले. वकिली मागे पडली आणि 1930च्या दशकातच ते मुंबईत एच. एम. व्ही.च्या नोकरीत शिरले. त्याआधी आणि त्या सुमारास त्यांनी स्वतः बरीच गाणी गायली. ‘चकाके कोर चंद्राची’ हे त्यांचे द्वंद्वगीत तर विशेष, कारण त्यातला स्त्रीचा आवाज पुढे किराणा घराण्याच्या थोर गायिका म्हणून ओळखल्या गेलेल्या गंगूबाई हनगल यांचा. त्या वेळी ध्वनिमुद्रिकेवर त्यांचे नाव ‘गांधारी’ असे छापले जाई. पण कंपनीत गेल्यावर जोशींनी स्वतःचा गळा हळूहळू मागे घेतला आणि दुसऱ्यांचे गळे जपण्याचे काम हाती घेतले. पुढची तीसेक वर्षे हिंदुस्थानी संगीतातल्या कितीतरी मोठ्या कलावंतांचे ध्वनिमुद्रण त्यांच्या देखरेखीखाली झाले. बडे गुलाम अली खाँ त्यांतले एक. या आठवणी त्यांनी ‘स्वरगंगेच्या तीरी’ या पुस्तकात सांगितल्या आहेत.

या कारकिर्दीतली एक तबकडी मला ‘शीळ’ची धाकटी बहीण वाटते. 1967 साली निघालेली ‘कॉल ऑफ द व्हॅली’. शिवकुमार शर्मांचे संतूर, हरिप्रसाद चौरसियांची बासरी आणि ब्रिजभूषण काब्रांची गिटार, तिघेही तेव्हा तरुण. काश्मीरच्या खोऱ्यातल्या एका मेंढपाळाचा दिवस, पहाटेपासून रात्रीपर्यंत, रागांच्या वेळा सांभाळत उलगडत नेलेला. सकाळच्या अहिर भैरवाने सुरुवात आणि शेवटी पहाडी. कल्पनेपासून निर्मितीपर्यंत जोशींचा हात त्यात होता. पाश्चात्त्य देशांतल्या हजारो तरुणांना भारतीय संगीताची पहिली ओळख या तबकडीने करून दिली. पस्तीसेक वर्षांपूर्वी वऱ्हाडच्या रानातली शीळ गाणाऱ्या माणसाला मोठी तबकडी हाती आल्यावर पुन्हा एक रान, पुन्हा एक भटक्या आणि त्याची बासरीच सुचली. तबकडीची लांबी वाढली, पण या संगीतकाराच्या मनातले चित्र तेच होते. अशी सलगता ज्याच्या कामात दिसते त्याला मी रोमँटिक संगीतकार म्हणतो.

असे संगीतकार विस्मरणात का जातात आणि परत कसे येतात, हे पाहायला थोडे युरोपात जाऊ. व्हिएन्नाचा फ्रान्झ शूबर्ट 1828 साली वारला तेव्हा तो 31 वर्षांचा होता. त्याने सहाशेच्या आसपास गीते लिहिली, म्हणजे कवितांना चाली लावल्या आणि पियानोची साथ दिली. जर्मन भाषेतले भावगीतच ते. गीतकार म्हणून त्याच्या गावात त्याला नाव होते, पण मोठा संगीतकार म्हणून कोणी मोजत नव्हते. त्याच्या मृत्यूनंतर दहा वर्षांनी रॉबर्ट शूमान हा दुसरा संगीतकार व्हिएन्नाला आला आणि शूबर्टच्या भावाच्या, फर्डिनंडच्या घरी गेला. तिथे हस्तलिखितांचा ढीग पडून होता आणि त्यात एक आख्खी मोठी सिंफनी होती. शूमानने ती लायप्झिगला पाठवली आणि 1839च्या मार्चमध्ये मेंडेलसोनने तिथे ती वाजवली. त्याची ‘अपुरी’ म्हणून आज जगभर ऐकली जाणारी सिंफनी तर 1865पर्यंत एका मित्राच्या कपाटातच होती. कागद टिकला म्हणून संगीत टिकले. पण ते उठून उभे राहिले ते कोणीतरी दार ठोठावले म्हणून.

गुस्ताव मालेरची कहाणी यंत्राशी अधिक जवळची आहे. त्याच्या सिंफन्या तास-दीड तास चालतात. 78 फेऱ्यांच्या तबकड्यांवर एक सिंफनी घालायची तर तबकड्यांची चळत लागणार आणि दर चार मिनिटांनी उठून बाजू बदलावी लागणार. 1911 साली तो गेल्यावर अर्धे शतक त्याचे संगीत तुरळकच वाजत राहिले. नात्झी राजवटीत तो ज्यू म्हणून बंदीच आली. दुसऱ्या महायुद्धानंतर दीर्घ वादनाची तबकडी आली, मग स्टिरिओ आला, आणि 1960 साली त्याच्या जन्मशताब्दीला लिओनार्ड बर्नस्टाईनने न्यूयॉर्कमध्ये त्याच्या संगीताचा मोठा महोत्सव केला. त्यानंतर मालेर घराघरात शिरला. मुंबईत जन्मलेले झुबिन मेहता यांचाही या प्रसारात वाटा आहे. व्हिएन्नाच्या वाद्यवृंदाबरोबर 1975 साली त्यांनी केलेले मालेरच्या दुसऱ्या सिंफनीचे ध्वनिमुद्रण आजही आवर्जून ऐकले जाते.

आता आपल्याकडे. मराठी गाण्याच्या पुनरागमनाची सर्वांत ठळक गोष्ट नाट्यसंगीतात घडली, आणि तिची मुळेही विदर्भात आहेत. ‘कट्यार काळजात घुसली’ हे नाटक नागपूरच्या पुरुषोत्तम दारव्हेकरांनी लिहिले. डिसेंबर 1967मध्ये ते रंगमंचावर आले. संगीत जितेंद्र अभिषेकींचे आणि खाँसाहेबांची भूमिका वसंतराव देशपांड्यांची. वसंतराव मूळचे मूर्तिजापूरचे, म्हणजे बुलढाण्याला लागूनच असलेल्या अकोला जिल्ह्यातले. ते 1983 साली गेले आणि ते नाटक त्यांच्या आवाजाबरोबरच इतिहासजमा झाले असे लोकांनी धरून चालले होते. 2010 साली सुबोध भावे यांच्या दिग्दर्शनाखाली ते पुन्हा उभे राहिले. वसंतरावांचे नातू राहुल देशपांडे खाँसाहेबांच्या भूमिकेत आणि अभिषेकींचे शिष्य महेश काळे सदाशिवाच्या. मग 2015च्या दिवाळीत चित्रपट आला. शंकर-एहसान-लॉय यांनी जुनी पदे ठेवून नवी जोडली. महेश काळे यांना त्यातल्या गाण्याबद्दल राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

चित्रपटाच्या कथेवर आणि त्यातल्या फेरबदलांवर जाणकारांचे आक्षेप होते, आणि त्यांतले काही मला रास्त वाटतात. पण परिणाम डोळ्यांपुढे आहे. ज्या मुलांनी संगीत नाटक कधी पाहिले नव्हते ती ‘घेई छंद मकरंद’ शोधून मूळ वसंतरावांच्या आवाजात ऐकू लागली. 2022मध्ये ‘मी वसंतराव’ आला आणि त्याच वाटेने आणखी श्रोते आत आले. ‘मानापमान’ हे 1911चे नाटक, गोविंदराव टेंब्यांच्या चालींचे. त्यावरही 2025च्या जानेवारीत चित्रपट आला.

भावगीताचे परतणे इतके वाजतगाजत झाले नाही. त्याचा मोठा काळ रेडिओचा. आकाशवाणी पुणे केंद्रावरून 1 एप्रिल 1955पासून वर्षभर चाललेले ‘गीतरामायण’, मुंबई केंद्राचा ‘भावसरगम’, श्रीनिवास खळे, यशवंत देव, वसंत प्रभू, दशरथ पुजारी हे संगीतकार. सकाळच्या चहाबरोबर कानावर पडणारे हे संगीत होते. 1980च्या दशकात कॅसेट आली, मग दूरचित्रवाणी घराघरात आली, आणि घरातला रेडिओ माळ्यावर गेला. गाणे वाईट झाले म्हणून लोकांनी सोडले असे झाले नाही. ते ज्या वेळेला आणि ज्या यंत्रातून यायचे, ती वेळ आणि ते यंत्र दोन्ही गेले.

परतीची वाटही मग यंत्रातूनच निघाली. झी मराठीवरच्या ‘सारेगमप’च्या लहान मुलांच्या पर्वात, 2008-09 साली, दहा-बारा वर्षांची मुले खळ्यांची, बाबूजींची म्हणजे सुधीर फडक्यांची, अभिषेकींची गाणी गाऊ लागली आणि केवळ आईवडीलच नव्हे तर त्या मुलांच्या वयाची मुलेही ती ऐकू लागली. पुढे सारेगमने, म्हणजे त्याच जुन्या एच. एम. व्ही.ने, 2017मध्ये ‘कारवां’ नावाचा रेडिओसारखा दिसणारा खोका बाजारात आणला, त्याची मराठी आवृत्तीही निघाली. आजी-आजोबांना वाढदिवसाला तो भेट द्यायची रीत पडली. नातवंडे मात्र तीच गाणी मोबाइलवर ऐकतात. तीन मिनिटांचे गाणे पुन्हा सोयीचे झाले आहे. तबकडीच्या मर्यादेने घडवलेली लांबी मोबाइलच्या सवयीला बरोबर बसते, हा योगायोग भावगीताच्या फायद्याचा आहे.

त्या तबकड्या या काळापर्यंत पोचल्या कशा, हेही सांगायला हवे. सगळे श्रेय कंपन्यांचे नाही. चोरबाजारातून, जुन्या वाड्यांच्या अडगळीतून, भंगारवाल्याच्या पोत्यातून लाखेच्या तबकड्या वेचून आणणारे संग्राहक होते म्हणून पुष्कळसे वाचले. मुंबईत 1990 साली अशा लोकांनी ‘सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स’ ही संस्था स्थापन केली. सुरेश चांदवणकर यांच्यासारख्यांनी तिच्यासाठी वर्षानुवर्षे काम केले, ‘द रेकॉर्ड न्यूज’ हे नियतकालिक चालवले, तबकड्या वाजवून दाखवण्याच्या बैठका घेतल्या. शूबर्टच्या हस्तलिखितांशी शूमान पोचला, तसे आपल्या तबकड्यांशी हे लोक पोचले.

‘शीळ’ यातून कुठे आली? ती वाचली आहे, आणि इंटरनेटवर ती आज कोणालाही ऐकता येते. ती ऐकताना पहिले काही क्षण खरखरच पुढे येते. मग कान सरावतो आणि लक्षात येते की गाणारा शब्दांना ढकलत नाही. ज्या आवाजाने आपण आता मायक्रोफोनवर गातो त्यापेक्षा हा आवाज मोकळा आहे. त्याच्यावर नाट्यसंगीताची छाया आहे, शब्दांवर मात्र नाही. भावगीत जन्माला येताना नेमके कुठे उभे होते ते या तीन मिनिटांत ऐकू येते. एक पाय रंगभूमीवर आणि दुसरा घराच्या उंबऱ्यात. नवे गायक ‘शीळ’ गातात तेव्हा बहुधा ती अधिक गोड करतात. ताल सैल होतो, वाद्यमेळ वाढतो, आणि त्या स्त्रीच्या बोलण्यातला रोख, तिचा तो लटका राग, थोडा हरवतो. मला यात गैर काही वाटत नाही. शूबर्टची गीतेही आज त्याच्या काळच्या पियानोवर क्वचितच वाजतात. गाणे नव्या गळ्यात गेले की बदलणारच, आणि बदलले तरच ते गळ्यात राहील.

मला खटकते ते दुसरेच. भावगीताच्या वाटचालीवरचे कार्यक्रम होतात, त्यांत सुरुवातीला बहुधा ‘शीळ’चा उल्लेख येतो, एखादे कडवे गायले जाते आणि निवेदक पुढच्या दशकात जातो. जणू ती एक पायरी आहे आणि तिच्यावर पाय ठेवून वर जायचे आहे. वसंतरावांना नातू होता, अभिषेकींना शिष्यपरंपरा होती, ‘गीतरामायण’ श्रीधर फडक्यांनी वडिलांच्या पश्चात गात ठेवले. नाघं आणि जोशी या जोडीसाठी असे दार ठोठावणारे कोणी अजून निघाले नाही. नाघंच्या कितीतरी कविता गेय आहेत आणि त्यांतल्या थोड्याच चालीत बांधल्या गेल्या. हे काम पुण्या-मुंबईने करावे अशी वाट पाहण्यात अर्थ नाही. ते बुलढाणा जिल्ह्यातल्या गाणाऱ्यांचे आहे.

ते करताना कायद्याची भीती आडवी येते असे शाळांमध्ये ऐकू येते, म्हणून थोडे स्पष्ट सांगतो. भारतीय कायद्याप्रमाणे ध्वनिमुद्रिकेवरचा हक्क प्रसिद्धीनंतर 60 वर्षे राहतो. 1930च्या दशकातल्या तबकड्यांची ती मुदत केव्हाच संपली आहे. कवितेवरचा हक्क कवीच्या मृत्यूनंतर 60 वर्षे, म्हणजे नाघंच्या बाबतीत 2060 अखेरपर्यंत आहे. पुस्तकात छापायची किंवा नवी ध्वनिफीत करून विकायची असेल तर हक्कदारांची रीतसर परवानगी घ्यायला हवी, आणि घ्यावी. पण शाळा-कॉलेजच्या कार्यक्रमात विद्यार्थी आणि शिक्षकांनी, विद्यार्थी-पालकांपुरत्या श्रोत्यांसमोर गायला कायद्यानेच मोकळीक दिली आहे.

तेव्हा मेहकर, लोणार, चिखली, खामगाव, मलकापूर, जळगाव जामोद इथल्या संगीतशिक्षकांना माझे सांगणे आहे. येत्या स्नेहसंमेलनात एक मुलगी ‘शीळ’ म्हणेल असे बघा. आधी तिला जोशींची मूळ तबकडी मोबाइलवर ऐकवा, खरखरीसकट. मग कविता वाचून दाखवा आणि ती बाई कोणाशी बोलते आहे, रागावली आहे की नाही, हे तिलाच ठरवू द्या. दुसऱ्या एखाद्या मुलाला नाघंची अजून चाल न लागलेली एखादी कविता द्या आणि पेटीवर बसवा. निवेदकाच्या कागदावर ‘पारंपरिक’ किंवा ‘जुने गीत’ असे लिहू देऊ नका. कवी ना. घ. देशपांडे, मेहकर; संगीत आणि मूळ गायन जी. एन. जोशी, असे पुरते लिहा आणि गाण्याआधी मोठ्याने वाचायला लावा.